दोन समुद्रांचा मतदारसंघ

बुलढाण्याला जायचं म्हणून रेल्वेत बसलेला माणूस बुलढाणा मतदारसंघात उतरत नाही, तो रावेरमध्ये उतरतो. स्टेशन मलकापूर, जिल्हा बुलढाणा, कलेक्टर बुलढाण्याचे. पण लोकसभेचं मत मात्र शेजारच्या जळगाव जिल्ह्यातल्या रावेरच्या पेटीत. पहाटेच्या थंडीत मफलर गुंडाळून बसलेल्या रिक्षावाल्याला मी खासदार प्रतापराव जाधवांबद्दल काहीतरी विचारलं, तर तो म्हणाला, "ते घाटावरचे, भाऊ. आमच्या रक्षाताई." जिल्ह्यात उतरून पाच मिनिटं झाली नव्हती आणि माझ्या वहीतला पहिलाच प्रश्न चुकीच्या गावी विचारला गेला होता.

मी राजापूरकडचा. आमच्या दृष्टीने विदर्भ म्हणजे सपाट, काळी, उन्हाची जमीन. एका टोकाला नागपूर आणि उरलेलं सगळं त्याच्या अलीकडे. निवडणुकीच्या रात्री टीव्हीवर महाराष्ट्राचा रंगीत नकाशा दाखवतात, त्यात पाचव्या क्रमांकाचा एक तुकडा वर्षानुवर्षं एकाच रंगाचा दिसायचा. १९९६पासून २०२४पर्यंतच्या आठ लोकसभा निवडणुकांत सात वेळा तिथं धनुष्यबाण निवडून आला आहे. १९९८चा अपवाद तेवढा काँग्रेसचा. शिवसेना म्हटली की आम्हा कोकण्यांना वाटतं, ती आमची आणि मुंबईची. अजिंठ्याच्या डोंगरापलीकडे, समुद्रापासून एवढ्या लांब तिचं हे घर कसं झालं, हे बघायला जानेवारी २०२५मध्ये मी निघालो. विधानसभेचे निकाल लागून काही आठवडेच झाले होते, म्हणजे लोकांच्या तोंडात आकडे अजून ताजे होते.

जिल्ह्यात तालुके तेरा आणि विधानसभेच्या जागा सात. त्यातली मलकापूरची जागा, म्हणजे मलकापूर-नांदुऱ्याकडचा मुलूख, रावेरला जोडलेली; उरलेल्या सहा मिळून बुलढाणा लोकसभा. परिणाम असा की जून २०२४पासून या एका जिल्ह्याच्या वाट्याला दोन केंद्रीय राज्यमंत्री आले आहेत: रक्षा खडसे आणि प्रतापराव जाधव. दोन मंत्री असलेल्या या जिल्ह्याच्या मुख्य गावाला रेल्वे नाही. खामगाव-जालना लोहमार्गाची मागणी शंभर वर्षांहून जुनी आहे आणि ती दर निवडणुकीत नव्यानं होते.

मलकापूरहून एसटी मोताळ्यापर्यंत सपाटीवरून जाते. दोन्ही बाजूला कपाशीच्या शेवटच्या वेचणीची पांढरी बोंडं आणि पिवळ्या फुलावरची तूर. मग राजूर घाट लागतो. घाट बघायला मी काही नवखा नाही, आमच्याकडे आंबा, गगनबावडा, फोंडा असे घाटच घाट. पण आमचा घाट चढला की देश लागतो, निराळा जिल्हा लागतो, निराळी निवडणूक लागते. इथं घाट चढूनही तोच जिल्हा आणि तोच खासदार. सागाची पानं गळालेली, मधूनमधून सालईची झाडं. बसच्या मागच्या काचेतून खाली पूर्णेचं खोरं पसरलेलं दिसतं आणि त्याच्याही पलीकडे, अगदी क्षितिजाशी, सातपुड्याची निळसर रेघ. ती रेघ म्हणजे मध्य प्रदेशची हद्द. मतदारसंघाचं उत्तरेचं टोक तिथं आहे आणि दक्षिणेचं टोक परभणीच्या शेजारी. वर पोचल्यावर स्वेटर काढावा लागला, घालायचा म्हणून. बुलढाणा गाव समुद्रसपाटीपासून सहाशे मीटरच्या वर आहे. इंग्रजांना १८५३मध्ये निजामाकडून वऱ्हाड मिळालं, पुढे त्यांच्या साहेबांना ही हवा मानवली आणि कचेऱ्या इथं थाटल्या गेल्या.

गावाबाहेर, घाटमाथ्याच्या कडेला एक निवृत्त शिक्षक मला घेऊन गेले. आयुष्यभर भूगोल शिकवलेला माणूस. सगळे त्यांना 'सर' म्हणतात, म्हणून मीही. रस्त्याच्या कडेला उभं करून त्यांनी चपलेच्या टोकानं मुरुमात एक रेघ ओढली.

"हिच्या उत्तरेला पडलेलं पाणी कुठं जातं?"

मी म्हटलं, "खाली. पूर्णेत."

"मग?"

"तापीत."

"म्हणजे तुमच्याकडे. अरबी समुद्रात. आणि हे इकडचं?" त्यांनी पाऊल रेघेच्या दक्षिणेला ठेवलं. "हे पैनगंगेत. पैनगंगा वर्ध्यात, मग प्राणहिता, मग गोदावरी. पार राजमहेंद्रीला जाऊन बंगालच्या उपसागरात."

पैनगंगा याच डोंगरात, बुलढाण्याच्या पश्चिमेला उगम पावते. नळगंगा, विश्वगंगा, ज्ञानगंगा या तिच्या शेजारणी इथूनच निघून घाटाखाली उड्या घेतात आणि उलट्या दिशेनं जातात. एका तालुक्यातल्या दोन शेजारच्या शेतांचं पाणी देशाच्या दोन किनाऱ्यांना लागतं. आमच्या राजापुरात डोंगरावर पडलेला थेंब संध्याकाळपर्यंत खाडीत पोचतो, त्याला दुसरी वाटच नाही. शिवाय आमच्याकडे एकट्या जुलैत पडतो, तेवढा पाऊस इथं अख्ख्या वर्षात पडत नाही. तेवढ्याशा पाण्याला दोन समुद्र वाटून घेतात, हे ऐकून मी त्या रेघेकडे जरा वेळ बघतच राहिलो.

घोळ एवढ्यावर संपत नाही. पूर्णा नावाच्या नद्याही इथं दोन. घाटाखालची पूर्णा तापीला मिळते. घाटावर देऊळगाव राजा, सिंदखेड राजाकडून जाते ती खडकपूर्णा. तीही पुढे पूर्णा म्हणूनच गोदावरीला मिळते. तिच्यावरच्या धरणाला संत चोखामेळ्यांचं नाव आहे, कारण त्यांचं जन्मगाव मानलं जाणारं मेहुणा राजा देऊळगाव राजा तालुक्यात. बुलढाणा गाव पाणी पितं ते पैनगंगेवरच्या येळगाव धरणाचं. तिथले दरवाजे पाणी ठराविक पातळीला आलं की आपोआप कलतात, कुणाला चावी फिरवावी लागत नाही. सर म्हणाले, "या धरणाचं एकच वाईट. दरवाजा उघडताना फोटो काढून घ्यायची सोय नाही." आणि घाटाखाली नळगंगेच्या धरणात वैनगंगेचं पाणी आणायची योजना आहे: गोसीखुर्दपासून सव्वाचारशे किलोमीटरहून लांब कालवा. निवडणुकीच्या तोंडावर, ऑगस्ट २०२४मध्ये राज्य मंत्रिमंडळानं तिला मंजुरी दिली. म्हणजे उद्या बंगालच्या उपसागराकडे निघालेलं पाणी वळून घाटाखाली, आमच्या समुद्राच्या उतारावर येणार. निसर्गानं जी रेघ मारली ती कालव्यानं पुसायची, असा हा बेत.

सरांच्या घरी चहा झाला आणि त्यांनी जुनी डायरी काढली. त्यांना पावसाचे आकडे लिहायची सवय, आणि त्याच वहीच्या मागच्या बाजूनं निवडणुकीचे. मला हा माणूस भेटला हे माझं नशीब.

१९७७पासून २००४पर्यंत ही लोकसभेची जागा अनुसूचित जातींसाठी राखीव होती. १९७७ला रिपब्लिकन पक्षाच्या खोब्रागडे गटाचे दौलत गवई, १९८०ला काँग्रेसचे बाळकृष्ण वासनिक, १९८४ला त्यांचेच चिरंजीव मुकुल वासनिक. मुकुल तेव्हा पंचवीस वर्षांचे होते, म्हणजे निवडणुकीला उभं राहायचं वय नुकतंच झालेलं. १९८९ला भाजपचे सुखदेव काळे, १९९१ला पुन्हा मुकुल, १९९६ला शिवसेनेचे आनंदराव अडसूळ, १९९८ला पुन्हा मुकुल, मग १९९९ आणि २००४ असे दोन वेळा अडसूळ. वासनिक नागपूरचे, अडसूळ मुंबईतल्या कामगार संघटनेतून आलेले. २००९ला फेररचनेत आरक्षण उठलं, तेव्हा वासनिक रामटेकला गेले, अडसूळ अमरावतीला, आणि दोघेही तिकडे निवडून आले. सर मिस्कील हसत म्हणाले, "आमच्याकडे शिकले आणि दुसऱ्या शाळेत पास झाले."

एकूण पंचवीस-तीस वर्षं इथल्या मतदाराला लोकसभेसाठी बाहेरच्या माणसाला मत द्यायची सवय. त्यामुळे लोकसभेचा माणूस दिल्लीचा आणि आपला माणूस आमदार, अशी वाटणी लोकांच्या मनात बसली असावी, असं माझं मत झालं. २००९ला मेहकरचे तीन वेळचे आमदार प्रतापराव जाधव उभे राहिले आणि बऱ्याच वर्षांनी घरचा माणूस खासदार झाला. त्यांच्यासमोर होते सिंदखेड राजाचे राजेंद्र शिंगणे, तेही घरचेच. जाधव ३,५३,६७१, शिंगणे ३,२५,५९३. फरक २८,०७८.

"आता हे बघा," सर म्हणाले आणि बोट सरकवत गेले. २०१४ला जाधवांचा फरक दीड लाखाच्या पुढे. २०१९ला त्यांना ५,२१,९७७ मतं, शिंगण्यांवर १,३३,२८७ची आघाडी. आणि वंचित बहुजन आघाडीच्या बळीराम सिरस्कारांना १,७२,६२७, म्हणजे फरकाहून जास्त. २०२४ला शिवसेना दुभंगलेली, जाधव शिंदेंच्या बाजूला, समोर ठाकरेंचे नरेंद्र खेडेकर, आणि मध्ये सोयाबीन-कापसाच्या आंदोलनातून आलेले अपक्ष रविकांत तुपकर. जाधव ३,४९,८६७. खेडेकर ३,२०,३८८. तुपकर अडीच लाखांना जेमतेम थोडे कमी. वंचितचे वसंतराव मगर ९८,४४१. फरक २९,४७९.

पंधरा वर्षांत मोठी भरती येऊन गेली आणि पाणी पुन्हा २००९च्याच खुणेवर येऊन थांबलं: तीच साडेतीन लाखांची मतं, तोच अठ्ठावीस-एकोणतीस हजारांचा फरक. टीव्हीच्या नकाशात मात्र रंग तोच. २६ एप्रिलला मत दिलेल्या साधारण अकरा लाख लोकांपैकी दर तिघांतल्या दोघांहून जास्त जणांनी विजयी उमेदवाराला मत दिलं नव्हतं, हे रंगात कसं दिसणार?

पण मला खरा धक्का बसला तो डायरीच्या पुढच्या पानानं. नोव्हेंबर २०२४चे विधानसभेचे निकाल. सरांनी पान मधोमध दुमडलं होतं: वर घाटावरच्या जागा, खाली घाटाखालच्या. घाटावर बुलढाणा, चिखली, सिंदखेड राजा, मेहकर. (बुलढाण्याच्या जागेत घाटाखालचं मोताळाही येतं, पण सर ती घाटावर धरतात. मीही धरतो.) बुलढाण्याला शिंदेंच्या शिवसेनेचे संजय गायकवाड ८४१ मतांनी. चिखलीला भाजपच्या श्वेता महाले ३,२०१ मतांनी. सिंदखेड राजाला अजित पवारांच्या राष्ट्रवादीचे मनोज कायंदे ४,६५० मतांनी. तिथं महायुतीतलेच दोन पक्ष एकमेकांसमोर आणि शरद पवारांकडून राजेंद्र शिंगणे. मेहकरला ठाकरेंच्या शिवसेनेचे सिद्धार्थ खरात ४,८१९ मतांनी. चार जागा, चार पक्ष, आणि चारही ठिकाणी फरक पाच हजारांच्या आत.

घाटाखाली खामगाव, जळगाव जामोद आणि रावेरला जोडलेलं मलकापूर. आकाश फुंडकर, संजय कुटे, चैनसुख संचेती. तिन्ही भाजप. तिन्ही ठिकाणी फरक पाच आकडी.

मी पान उलटसुलट करून पाहिलं. एका जिल्ह्यात, एकाच दिवशी, एकाच सरकारसाठी दिलेली मतं. "हे असंच असतं का इथं?" मी विचारलं.

"नेहमी नाही. २०१९ला मलकापूर काँग्रेसकडे होतं, आणि त्याआधी खामगाव पंधरा वर्षं. पण यंदा घाट स्पष्ट दिसला." आणि मग, शिक्षकाच्या सवयीनं: "कारण तुम्ही शोधा. मी फक्त नोंद करतो."

तर मी शोधायला चिखलीच्या रस्त्याला लागलो. घाटावरचा मुलूख म्हणजे हलक्या-मध्यम जमिनीचा, लाटालाटांनी चढउतार करणारा, आणि नजर जाईल तिथं सोयाबीनचा. सोयाबीन ऑक्टोबरातच निघालेलं. शेतात आता हरभरा. पण सोयाबीन संपलेलं नव्हतं, ते खरेदी केंद्राबाहेर ट्रॅक्टरच्या रांगेत उभं होतं. हमीभाव ४,८९२ रुपये क्विंटल, व्यापारी देत होता चार हजारांच्या आसपास, आणि केंद्रावर बारदाना संपलेला. पोती नाहीत म्हणून मोजमाप नाही. एका काकांनी ट्रॉलीच्या ताडपत्रीखाली हात घालून मूठभर दाणे काढले, एक दाताखाली फोडला, कट्‌कन आवाज झाला. "ऐकलं? असा वाजला की वाळलेला. त्यांचं यंत्र काय सांगायचं ते सांगू द्या." केंद्रावर ओलावा मोजायचं यंत्र असतं, दाणे त्यात घालायचे आणि आकडा येतो. नियम बारा टक्क्यांचा. त्या हंगामात दिल्लीनं पंधरापर्यंत सवलत दिली होती. काकांनी लोकसभेला तुपकरांना मत दिलं होतं आणि विधानसभेला कुणाला ते सांगितलं नाही. "लोकसभेला राग दाखवला. विधानसभेला हिशोब केला," एवढंच म्हणाले. हिशोबात लाडक्या बहिणीचे दीड हजार होते का, विचारल्यावर ट्रॉलीवर बसलेल्या काकूच उत्तरल्या, "माझे माझ्या खात्यात येतात. यांना कशाला विचारता?"

घाटावरचं एकेक गाव आपला वेगळा देव, वेगळा नेता आणि वेगळं वेड सांभाळून आहे. पिंपळगाव सराईजवळ सैलानी बाबांचा दर्गा. तिथं होळीला नारळांची होळी पेटते, ट्रकच्या ट्रक नारळ. कोकणातल्या माणसाला हे ऐकवत नाही. मेहकरच्या हिवरा आश्रमात विवेकानंद जयंतीच्या महाप्रसादाला शेतात माणसांच्या रांगा बसतात आणि पुरी-वांग्याची भाजी ट्रॅक्टरमधून वाढत नेतात. देऊळगाव राजाकडे हिरव्या-पांढऱ्या शेडनेटांच्या ओळी. आत भाजीपाल्याचं बियाणं तयार होतं, बायका चिमट्यानं एकेका फुलाचे पुंकेसर काढून परागीकरण करतात. एका ताईंनी मला जवळ बोलावून मिरचीची न उमललेली कळी उघडून दाखवली, आणि माझा चष्मा कमी पडला. हे काम करणाऱ्या बोटांना मतमोजणीतलं आठशे एक्केचाळीसचं अंतर फार वाटत नसावं.

सिंदखेड राजाला जिजाऊंच्या जन्मोत्सवाची तयारी चालली होती. लखुजी जाधवरावांच्या वाड्याचं भव्य दगडी प्रवेशद्वार अजून उभं आहे; १२ जानेवारी १५९८ला जिजाबाईंचा जन्म इथला. दर वर्षी त्या दिवशी राज्यभरातून मराठा समाज इथं लोटतो, आणि त्यामुळे या छोट्या गावाच्या मतदानाकडे सगळ्या महाराष्ट्राचे कान असतात. लखुजी स्वतः निजामशाही, मग मोगल, मग पुन्हा निजामशाही असा प्रवास करत राहिले आणि १६२९मध्ये देवगिरीच्या किल्ल्यात निजामशहानं त्यांना दग्यानं मारलं. वाड्याबाहेर उसाचा रस विकणारा दादा हे सगळं सांगून म्हणाला, "पक्ष बदलणं आमच्याकडे नवीन नाही, साहेब." मी हसलो. तो हसला नाही.

गावाच्या जवळूनच समृद्धी महामार्ग जातो. डिसेंबर २०२२मध्ये नागपूर-शिर्डी टप्पा सुरू झाला, आणि १ जुलै २०२३च्या मध्यरात्री याच भागात खासगी बस पेटून पंचवीस माणसं गेली. मेहकरच्या लोकांना आता नागपूर जवळ झालं आहे, पण बाजूच्या शेतातल्या माणसाला पलीकडच्या शेतात जायला लांबचा भुयारी रस्ता शोधावा लागतो. दोन्ही गोष्टी एकाच रस्त्याच्या.

लोणार बघितल्याशिवाय या मुलखातून परतता येत नाही. बेसॉल्टच्या पठाराला उल्केनं पाडलेलं गोल विवर, काठापासून काठापर्यंत पावणेदोन किलोमीटरहून थोडं जास्त. तळाला खारं, अल्कधर्मी पाणी, आणि काठावर गोमुखाची गोड्या पाण्याची धार, तीही बाराही महिने. २०२०च्या जूनमध्ये हे पाणी एकाएकी गुलाबी झालं, त्याच वर्षी नोव्हेंबरात तळ्याला रामसर दर्जा जाहीर झाला. दोन समुद्रांना पाणी वाटणाऱ्या मतदारसंघात हे एकच पाणी असं की ते कुठल्याच समुद्राला जात नाही. काठावरच्या चहावाल्याला विचारलं, निवडणुकीत या सरोवराचा विषय असतो का? "पर्यटन-पर्यटन म्हणतात," तो म्हणाला. "मत मागायला येतात तेव्हा मात्र काठावरूनच परत जातात. उतरून कुणी जात नाही, चढताना दम लागतो ना."

परतताना बोथा घाटानं खाली उतरलो. हा रस्ता ज्ञानगंगा अभयारण्यातून जातो. यवतमाळच्या टिपेश्वरचा एक वाघ तेलंगणातून फिरत, तेराशे किलोमीटर चालून २०१९च्या डिसेंबरात इथं पोचला होता. त्याला घाटावरचं आणि घाटाखालचं दोन्ही चाललं. घाट उतरला की हवा बदलते, बोली बदलते. 'मला'चं 'मले' होतं. जमीन काळीभोर आणि खोल होते. खामगाव लागतं.

खामगावातला जुना कापूस बाजार एवढा मोठा होता की १८७०मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो स्वतः जलंबहून येणाऱ्या छोट्या लोहमार्गाचं उद्घाटन करायला आला. तो फाटा अजून आहे, तेवढाच. घाटाखाली रेल्वे आहे, जिनिंग आहे, सराफा आहे. खामगावच्या चांदीचं नाव लांबवर गेलेलं. मला वाटतं निकालाच्या पाच आकड्यांचं एक कारण इथं आहे. बाजारपेठेच्या, रेल्वेच्या, राष्ट्रीय महामार्गाच्या गावांत एक पक्ष चाळीस वर्षं माणसं बांधत राहिला. भाऊसाहेब फुंडकर खामगावचे, राज्याचे कृषिमंत्री असतानाच २०१८मध्ये गेले. त्यांचा मुलगा आता कामगारमंत्री आहे. जळगाव जामोदला संजय कुटे २००४पासून सलग पाच वेळा. घाटावर असं एकही घर नाही ज्याच्या उंबऱ्यावर सगळी गावं येतात; तिथं प्रत्येक तालुक्याचा आपला सुभेदार. शिवसेना फुटली तेव्हा भेग घाटावर पडली, कारण शिवसेना मुळात घाटावर होती. घाटाखाली फुटायला काही नव्हतं. हे माझं अनुमान. सर ते डायरीत लिहून घेणार नाहीत, मला माहीत आहे.

पण घाटाखाली सगळं आलबेल आहे म्हणून मतं एकगठ्ठा पडतात, असं कुणी समजू नये. पूर्णेच्या काठाला खारपाणपट्टा आहे; विहीर खोदली तर पाणी लागतं, पण तोंडात घेता येत नाही. मूत्रपिंडाच्या आजाराची माणसं गावोगाव. जळगाव जामोद-संग्रामपूरकडे वान धरणावरून एकशे चाळीस गावांची पाणीयोजना आणली ती याचसाठी. मी होतो तेव्हा शेगाव तालुक्यातल्या काही गावांत एक नवंच प्रकरण चाललं होतं: माणसांचे केस चार-आठ दिवसांत गळून टक्कल पडत होतं. पाण्यामुळे, धान्यामुळे, शाम्पूमुळे, ज्याला जे सुचेल ते. दिल्लीहून तज्ज्ञ आले होते. शेगावात गजानन महाराजांच्या दर्शनाच्या रांगेत याचीच चर्चा, आणि बाहेर कचोरीच्या दुकानावरही.

शेवटी सातपुड्याच्या पायथ्याशी, जळगाव जामोद तालुक्यातल्या भेंडवळला गेलो. वऱ्हाडात या गावाच्या घटमांडणीला मोठा मान. अक्षय तृतीयेच्या संध्याकाळी गावाबाहेरच्या शेतात गोल आखून अठरा धान्यं मांडतात. मधल्या खड्ड्यात पावसाळ्याच्या चार महिन्यांची चार ढेकळं, त्यांवर पाण्याची घागर, घागरीवर पापड, कुरडई, वडा. आणि विड्याच्या पानावर सुपारी, म्हणजे राजा. रात्रभर तिथं कुणी जायचं नाही. पहाटे धान्य किती हललं, ढेकळं किती भिजली, सुपारी जागेवर आहे की नाही, हे बघून वर्षाचं भाकीत सांगतात: पाऊस, पीक, रोगराई, आणि राजाची गादी.

मी गेलो ते जानेवारीत, त्यामुळे तिथं नुसतं शेत. बांधावर बसलेल्या बाबांनी हातानं हवेतच सगळी मांडणी करून दाखवली, पापड कुठं आणि सुपारी कुठं ते बोटानं. सगळं ऐकून मी माझा आवडता प्रश्न विचारला.

"बाबा, घटात आमदार दिसतो का?"

"आमदार पाह्याले घट कायले लागते, बाप्पा? पाच डाव झाले, तेच हायेत." त्यांनी तंबाखूची चिमूट दाढेखाली सारली आणि दक्षिणेला, अजिंठ्याच्या डोंगराकडे मान वळवली. "घाटावरच्याईनं मांडावा एक. त्याईले गरज हाय."